नाव भीमाचे, रान कोणाचे?

हैदराबाद शहराच्या पश्चिमेस बंजारा हिल्स नावाची वस्ती आहे. एके काळी या खडकाळ टेकड्यांवर बंजाऱ्यांचे तांडे उतरत, म्हणून हे नाव पडले. आज तेथे धनिकांचे, पुढाऱ्यांचे आणि चित्रतारकांचे बंगले आहेत. बंजारा तेवढा दिसत नाही. नाव राहिले, नावाचा धनी गेला. याच बंजारा हिल्समध्ये 17 सप्टेंबर 2022 रोजी तेलंगण सरकारने कोमराम भीम या गोंड वीराच्या नावे उभारलेल्या आदिवासी भवनाचे थाटाने उद्घाटन केले. हुसेनसागराच्या बांधावर भीमाचा पुतळा आहे. 2016 मध्ये आसिफाबाद परिसराचा नवा जिल्हा झाला, त्याला भीमाचेच नाव मिळाले. जोडेघाट येथे, जिथे तो पडला तिथे, त्याचे स्मारक आणि संग्रहालय उभे राहिले. 2022 च्या एका गाजलेल्या तेलुगू चित्रपटाने तर हे नाव समुद्रापार नेले. हयातीत ज्याला एका पट्ट्यासाठी कचेऱ्यांच्या पायऱ्या झिजवाव्या लागल्या, त्याचा मरणोत्तर गौरव करण्यात राज्यकर्त्यांनी कसलीही कसर ठेवली नाही.

या गौरवमालेत 30 मे 2025 रोजी आणखी एक फूल गुंफले गेले. त्या दिवशी निघालेल्या 49 क्रमांकाच्या शासकीय आदेशाने आसिफाबाद जिल्ह्यातील सुमारे 1,49,000 हेक्टर वनभूमी 'कोमराम भीम संवर्धन राखीव क्षेत्र' म्हणून घोषित झाली. आपल्या चंद्रपूरचे ताडोबा आणि तेलंगणातील कवल या दोन व्याघ्रप्रकल्पांमधली वाघांची वाट सुरक्षित राहावी, असा तिचा हेतू सांगण्यात आला. केरामेरी, आसिफाबाद, कागजनगर, सिरपूर अशा वनपरिक्षेत्रांतील तीनशेहून अधिक गावे या रेषेच्या आत आली. भीमाच्या वारसांनी या बहुमानाबद्दल सरकारचे आभार मानावेत, अशी कोणाची अपेक्षा असेल तर ती फोल ठरली. गोंड आणि कोलाम रस्त्यावर उतरले, जुलै महिन्यात बंद पुकारला गेला, आणि 21 जुलै रोजी सरकारला तो आदेश स्थगित ठेवावा लागला. ज्या रानासाठी भीमाने प्राण दिले, त्याच रानाच्या हक्काविषयी भीमाच्या लोकांच्या मनात धास्ती निर्माण करणारा कागद भीमाच्याच नावाने निघावा, हा दैवदुर्विलास नव्हे काय?

या प्रश्नाचा विचार करताना मागे वळून पाहणे भाग आहे. निजामाच्या हैदराबाद संस्थानात आदिलाबादचे रान हे गोंडांचे घर होते. रस्ते आले, रेल्वे आली, आणि त्यांच्या पाठोपाठ सपाटीवरचे शेतकरी, सावकार आणि व्यापारी आले. त्यांत तेलुगू भाषक होते तसे मराठी भाषकही होते, हे आम्ही मराठी वाचकांपुढे मुद्दाम नमूद करतो. ज्याच्याजवळ कागद त्याची जमीन, हा नवा न्याय गोंडांना ठाऊक नव्हता. पिढ्यान्‌पिढ्या कसलेले शेत एके दिवशी दुसऱ्याच्या नावे लागले; उरले ते राखीव जंगल म्हणून सरकारने घेतले. बाबेझरी आणि जोडेघाट परिसरातील गोंडांनी जंगलात शेती केली म्हणून वनखात्याने त्यांची घरे जाळली, पिके उद्ध्वस्त केली. भीमाने अर्ज केले, हेलपाटे घातले. अखेर त्याने शस्त्र हाती घेतले आणि 1940 मध्ये जोडेघाटच्या डोंगरावर निजामाच्या पोलिसांच्या गोळीने तो व त्याचे साथीदार मारले गेले.

निजामाच्या राजवटीविषयी आम्हांस प्रेम असण्याचे कारण नाही. तरीही एक गोष्ट तिच्या खाती जमा केली पाहिजे. गोळीबारानंतर त्या सरकारला हे लोक का उठले, असा प्रश्न पडला आणि त्याचे उत्तर शोधण्यासाठी क्रिस्टोफ फॉन फ्यूरर-हायमेन्डॉर्फ या ऑस्ट्रियन मानवशास्त्रज्ञाला पाचारण करण्यात आले. तो गावोगाव हिंडला, गोंडांच्या पंगतीत बसला, त्यांचे म्हणणे लिहून घेतले आणि हैदराबादच्या दरबाराला निक्षून सांगितले, की हा दंगा दंगेखोरांनी केला नाही, तुमच्या कायद्याने केला. त्याच्या प्रयत्नांमुळे हजारो गोंड-कोलाम कुटुंबांना जमिनीचे पट्टे मिळाले, मारलावाई गावी आदिवासी शिक्षकांचे प्रशिक्षण केंद्र निघाले. त्याची पत्नी एलिझाबेथ 1987 मध्ये निवर्तली; तिची समाधी मारलावाईलाच आहे, आणि 1995 मध्ये लंडनला वारलेल्या हायमेन्डॉर्फच्या अस्थीही 2012 मध्ये तेथेच आणून पुरण्यात आल्या. परक्या मुलखातून आलेला एक विद्वान गोंडांचा झाला, कारण त्याने त्यांना विचारले. विचारणे एवढेच त्याचे मोठेपण होते.

स्वातंत्र्यानंतर हे विचारणे संपले. 1959 च्या आणि 1970 च्या कायद्यांनी आंध्र प्रदेशाच्या अनुसूचित क्षेत्रातील जमीन बिगर आदिवासींकडे जाण्यास मनाई केली खरी. पण जमिनी जातच राहिल्या. 1982 मध्ये प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात, चाळीस वर्षांपूर्वी देवविलेले पट्टे कसे हातोहात नाहीसे झाले याची हकीकत हायमेन्डॉर्फला लिहावी लागली. त्याच्या एक वर्ष आधी, 20 एप्रिल 1981 रोजी, इंद्रवेल्लीच्या बाजारगावी जमिनीच्या मागणीसाठी गोंडांची सभा व्हायची होती. सभेला बंदी होती, ती बंदी दूरदूरच्या पाड्यांवरून पायी निघालेल्यांना कळली नव्हती. पोलिसांनी गोळ्या झाडल्या. सरकारी आकडा 13 मृतांचा. लोक सांगतात तो आकडा त्याच्या कितीतरी पट आहे. मृतांच्या स्मरणार्थ उभारलेला स्तंभही 1986 मध्ये उद्ध्वस्त करण्यात आला, तो पुढच्या वर्षी पुन्हा बांधावा लागला. निजामाच्या गोळीला बळी पडलेल्याचा पुतळा राजधानीत, आणि लोकशाहीच्या गोळीला बळी पडलेल्यांचा दगडही गावात खपत नव्हता, असा हा न्याय होता.

जमिनीच्या या भांडणाला केवळ सातबाऱ्याचे भांडण समजणे ही शहरी माणसाची मोठी चूक आहे. इंद्रवेल्लीपासून जवळच केसलापूर येथे नागोबाचे स्थान आहे. पौष अमावास्येला तेथे जत्रा भरते. मेसराम कुळाचे गोंड त्याआधी कित्येक दिवस अनवाणी चालत गोदावरीवर जातात, कलशात पाणी भरून आणतात, त्या पाण्याने देवाचा अभिषेक होतो. कुळात लग्न होऊन आलेल्या नव्या सुनांची देवाशी भेट घडवितात. ती भेट झाल्यावाचून सून कुळाची होत नाही. म्हणजे देव, नदी, वाट, कूळ आणि शेत ही येथे वेगवेगळी खाती नाहीत. वाट अडली तर पाणी येत नाही, पाणी आले नाही तर पूजा होत नाही, पूजा झाली नाही तर सून परकी राहते. वनखात्याच्या नकाशावर यांपैकी एकही गोष्ट उमटत नाही. तेलंगण आणि महाराष्ट्राच्या सीमेवर जंगुबाईचे गुहास्थान आहे. दोन्ही राज्यांतील गोंड, कोलाम आणि परधान तेथे एकत्र येतात. राज्याची सीमा त्या देवीला ठाऊक नाही.

नागोबाच्या जत्रेत आणखी एक प्रथा आहे, तिचा उगम हायमेन्डॉर्फच्या काळातला. जत्रेच्या अखेरीस देवाच्या दारी दरबार भरतो. जिल्ह्याचे अधिकारी तेथे येऊन बसतात आणि आदिवासी आपली गाऱ्हाणी मांडतात. गाऱ्हाणे हा शब्द आम्हां कोकण-गोव्याच्या माणसांना देवळाच्या चौकातूनच ठाऊक आहे. सरकारने देवाच्या अंगणात येऊन जमिनीवर मांडी घालावी आणि प्रजेचे ऐकावे, ही कल्पना किती उदात्त! पण 49 क्रमांकाच्या आदेशाचे गाऱ्हाणे आदेश निघाल्यावर ऐकले गेले, आधी नव्हे. ज्यांच्याकडे दरबाराची परंपरा आहे, त्यांनी दरबार न भरविताच निकाल दिला.

आमचे काही वाचक विचारतील, की दूर आदिलाबादच्या रानातल्या देवांचे आम्हांस काय? त्यांस आमचे सांगणे असे, की देवाची जागा जाणे म्हणजे काय हे या भूमीतील हिंदूंइतके कोणास कळावे? सोळाव्या शतकात साष्टी, बारदेश आणि तिसवाडीत पोर्तुगीज सत्तेने देवळे पाडली, तेव्हा आमच्या पूर्वजांनी कुशस्थळीचा मंगेश आणि केळशीची शांतादुर्गा रात्री-अपरात्री नदीपार नेली. ती दैवते प्रियोळ आणि कवळे येथे नव्याने विराजमान झाली. साडेचारशे वर्षे उलटली, तरी मूळ स्थानाचे नाव आम्ही विसरलो नाही. आम्हांला देव उचलून नेता आला, एवढे आमचे भाग्य. गोंडाचा देव डोंगर आहे, झरा आहे, साजाचे झाड आहे. तो खांद्यावर घेऊन कोणती नदी ओलांडायची? त्याची जागा गेली की देवच गेला. हे दुःख आम्हांस परके वाटत असेल, तर आम्ही स्वतःचाच इतिहास विसरलो असे म्हणावे लागेल.

हैदराबादच्या दक्षिणेस नल्लमलाच्या रानात चेंचू राहतात. ज्या श्रीशैलाच्या मल्लिकार्जुनाला आपण बारा ज्योतिर्लिंगांत पुजतो, त्याला चेंचू आपला जावई मानतात. चेंचूंच्या कन्येशी त्याने लग्न केले अशी त्यांची श्रद्धा आहे आणि चेंचू मल्लय्या असे त्याचे घरगुती नाव आहे. आपण देवाचे भक्त, ते देवाचे सोयरे! या चेंचूंच्या रानात, अमराबाद व्याघ्रप्रकल्पाच्या क्षेत्रात, युरेनियमच्या शोधासाठी जमीन पोखरण्याचा घाट 2019 मध्ये घातला गेला. तेव्हा हैदराबाद शहर खडबडून जागे झाले. विद्यार्थी, लेखक, नट-नट्या यांनी आवाज उठविला आणि सप्टेंबर 2019 मध्ये तेलंगण विधानसभेने युरेनियम खाणीविरुद्ध ठराव संमत केला. ही गोष्ट अभिनंदनीय होतीच. परंतु नल्लमलाच्या कुशीतून वाहणाऱ्या कृष्णेचे पाणी हैदराबादच्या नळाला येते, हेही त्या जागृतीचे एक कारण होते, हे प्रांजळपणे मान्य केले पाहिजे. शहराचे पाणी जिथे अडते, तिथे आदिवासींचा शब्द ऐकू येतो. आदिलाबादच्या गोंडाजवळ असा नळ नाही. त्याच्याजवळ फक्त हक्क आहे. हक्काचा आवाज नळाच्या आवाजापेक्षा क्षीण असावा, हे लोकशाहीला शोभणारे नाही.

दुसरी बाजू आम्ही नजरेआड करीत नाही. वाघ वाचला पाहिजे. जानेवारी 2024 मध्ये याच कागजनगरच्या रानात दोन वाघ मरून पडलेले आढळले. त्याच वर्षी नोव्हेंबरात त्याच परिसरात शेतावर काम करणाऱ्या एका तरुणीचा वाघाच्या हल्ल्यात बळी गेला. वाघही मरतो आणि माणूसही मरतो, असे हे रान आहे. 2022 च्या नोव्हेंबरात भद्राद्री कोत्तगुडेम जिल्ह्यात वनभूमीच्या वादातून एका वनक्षेत्रपालाची हत्या झाली. त्या कर्तव्यनिष्ठ अधिकाऱ्याच्या मरणाचे समर्थन कोणताही विवेकी माणूस करणार नाही. वनरक्षण हे पापकर्म नाही आणि प्रत्येक खाण, प्रत्येक धरण, प्रत्येक रस्ता हा कटच असतो असेही आमचे मत नाही. प्रश्न एवढाच आहे, की ज्याच्या अंगणातून वाघाची वाट न्यायची, त्याला आधी विचारायचे की नाही?

आणि हा प्रश्न आमच्या सौजन्याचा नाही, कायद्याचा आहे. वन्यजीव संरक्षण कायद्यानुसार संवर्धन राखीव क्षेत्र घोषित करण्यापूर्वी स्थानिक समाजाशी विचारविनिमय केला पाहिजे. 1996 च्या पेसा कायद्याने अनुसूचित क्षेत्रातील ग्रामसभेला आपली परंपरा आणि साधनसंपत्ती राखण्यास समर्थ मानले. 2006 च्या वनहक्क कायद्याने आदिवासींवर 'ऐतिहासिक अन्याय' झाल्याची कबुली दिली आणि वनहक्काचा दावा ठरविण्याची सुरुवात ग्रामसभेपासून केली. सर्वोच्च न्यायालयाने 1997 मध्ये समता खटल्यात, अनुसूचित क्षेत्रातील सरकारी जमीनही खाजगी खाणवाल्यांना भाड्याने देता येणार नाही, असा निर्णय दिला. त्या खटल्यात प्रतिवादी होते ते हैदराबादचेच सरकार. पुढे 18 एप्रिल 2013 रोजी ओडिशातील नियमगिरीच्या खटल्यात त्याच न्यायालयाने सांगितले, की डोंगरिया कोंधांचा नियमराजा ज्या पर्वतावर राहतो, तो खोदल्याने त्यांच्या धर्माला बाधा येते की नाही हे ग्रामसभाच ठरवील. बारा ग्रामसभा भरल्या, न्यायाधीशांच्या देखरेखीखाली लोकांनी मते मांडली आणि बाराही गावांनी नकार दिला. आकाश कोसळले नाही. विचारणे शक्य आहे, विचारल्याने राज्य बुडत नाही, हे नियमगिरीने दाखवून दिले.

मग विचारण्याची एवढी भीती का? आम्हांस वाटते, नकाराची भीती हे त्याचे कारण. सत्तेला अनुमोदन देणारी ग्रामसभा आवडते, निर्णय देणारी नाही. म्हणून आधी रेषा आखायची, मग तक्रारी मागवायच्या, आणि ओरड वाढली की स्थगिती द्यायची, असा शिरस्ता पडला आहे. जून 2023 मध्ये तेलंगण सरकारने आसिफाबाद येथूनच सुमारे दीड लाख आदिवासींना चार लाख एकरांवरील पोडू जमिनीचे पट्टे वाटण्यास प्रारंभ केला होता. एका सरकारने पट्टा द्यायचा आणि दोन वर्षांत दुसऱ्या सरकारने त्याच जिल्ह्यात नवी रेषा मारायची. मग पट्टा हाती असलेल्याने तरी रात्री निश्चिंत झोपावे कसे? आपले हक्क अबाधित राहतील, असे आश्वासन त्याला कितीदा मिळाले आहे! स्थगिती म्हणजे न्याय नव्हे. स्थगित तलवार म्यानात असते, मोडलेली नसते.

आता आपल्या अंगणाकडे पाहू. गोव्यातील गावडा, कुणबी आणि वेळीप समाजांना अनुसूचित जमातीचा दर्जा मिळाला तो 2003 मध्ये, म्हणजे मुक्तीनंतर बेचाळीस वर्षांनी. मे 2011 मध्ये बाळ्ळीच्या आंदोलनात दोन आदिवासी तरुणांचे प्राण गेले. वनहक्क कायद्याखाली गोव्यात दहा हजारांच्या आसपास दावे दाखल झाले, आणि वर्षामागून वर्षे ते कचेऱ्यांत पडून राहिले. केपे तालुक्यातील कावरे गावच्या देवापान डोंगराच्या नावातच देव आहे. खनिजाच्या हव्यासाला मात्र त्यात लोहच दिसले. 24 जुलै 2023 रोजी मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाने म्हादई अभयारण्य व परिसर व्याघ्रप्रकल्प म्हणून अधिसूचित करण्याचा आदेश दिला, तेव्हा वनवासीयांचे दावे बारा महिन्यांत निकाली काढण्याचेही बजावले. राज्य सरकार त्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात गेले. वाघ नको म्हणताना आदिवासींच्या हिताची ढाल पुढे करणाऱ्यांनी, त्या आदिवासींचे दावे मग इतकी वर्षे का अडले होते, याचेही उत्तर दिले पाहिजे. तेलंगणात वाघाच्या नावाने आदिवासी विसरला गेला, आमच्याकडे आदिवासीच्या नावाने वाघ अडविला गेला. विचारले मात्र दोन्हीकडे त्याला कोणी नाही.

आमच्या सत्तरीत बांबरची निरंकाराची राय आजही उभी आहे. देवाच्या धाकाने तिची फांदी कोणी तोडत नाही. कोणत्याही अधिसूचनेपूर्वी कित्येक शतके त्या गावाने ती राखली. रान राखणारा माणूस आणि रान राखणारे खाते यांच्यात वैर असण्याचे वास्तविक कारण नाही. खात्याने माणसाला घुसखोर मानले, तेथून हे वैर सुरू झाले. वाघाच्या वाटेचा सर्वांत भरवशाचा पहारेकरी तिच्या काठावरचा गोंडच होऊ शकतो. पण पहारा देण्यापूर्वी घर आपले आहे एवढी त्याला खात्री हवी.

तेव्हा हैदराबादच्या सरकारला आमचे सांगणे स्पष्ट आहे. स्थगितीच्या आडोशाला न राहता 49 क्रमांकाचा आदेश मागे घ्यावा. प्रथम प्रत्येक गावाचे वैयक्तिक आणि सामूहिक वनहक्क ठरवावेत, देवस्थाने, त्यांच्या वाटा आणि पाणवठे नकाशावर नोंदवावेत, आणि मग त्या गावांच्या ग्रामसभांपुढे जाऊन वाघाची बाजू मांडावी. गावे ऐकतील, कारण वाघही त्यांच्या देवांपैकीच एक आहे. पणजीच्या सरकारनेही पडून राहिलेल्या दाव्यांवरची धूळ झटकावी, म्हणजे उद्या कोणत्याही न्यायालयात आदिवासींच्या नावाने बोलण्याचा त्याला अधिकार पोहोचेल.

राहता राहिले कोमराम भीमाचे नाव. ते पुतळ्याला दिले, भवनाला दिले, जिल्ह्याला दिले. त्याबद्दल तक्रार नाही. पण बंजारा हिल्सचा धडा राज्यकर्त्यांनी विसरू नये. टेकडीला नाव देऊन बंजारा टेकडीवर टिकला नाही. रानाला भीमाचे नाव देण्याचा अधिकार ज्यांना हवा असेल, त्यांनी आधी जोडेघाटच्या गोंडाला त्या रानात निर्धास्त पेरणी करू द्यावी.